सरकारी निवासस्थान रिकामे करण्याची नोटीस : कर्मचाऱ्याला बाजू मांडण्याचा अधिकार कुठवर?

सरकारी सेवेत मिळणारे निवासस्थान हे कर्मचाऱ्याच्या मालकीचे नसते आणि कायद्याच्या दृष्टीने तो तेथील भाडेकरूही नसतो. सेवा संपली, बदली झाली किंवा वाटप रद्द झाले की ते घर सोडणे त्याला बंधनकारक असते. मात्र घर सोडण्याचे बंधन असणे ही एक गोष्ट आहे आणि त्याला कोणतीही विचारणा न करता घराबाहेर काढणे ही दुसरी. या दोन गोष्टींमधील अंतर म्हणजेच कायद्याने आखून दिलेली कार्यपद्धती. नोटीस, उत्तर देण्याची संधी, चौकशी, सकारण आदेश आणि अपील असे तिचे टप्पे आहेत.

गेल्या काही वर्षांत ही कार्यपद्धती अधिक वेगवान करण्यात आली आहे. २०१५ मध्ये आणि त्यानंतर २०१९ मध्ये संसदेने संबंधित कायद्यात दुरुस्त्या केल्या. सेवानिवासस्थानाच्या प्रकरणात उत्तर देण्यासाठी आता कामकाजाचे अवघे तीन दिवस मिळू शकतात. त्यामुळे आपले हक्क कोणते आणि मर्यादा कोणत्या, हे केंद्र सरकारच्या सेवेत असलेल्या आणि देशाच्या कोणत्याही भागात सरकारी वसाहतीत राहणाऱ्या कर्मचाऱ्यांनी व त्यांच्या कुटुंबीयांनी आधीच जाणून घेणे महत्त्वाचे ठरते.

घराचा हक्क नव्हे, परवानगी

सरकारी निवासस्थानाचे वाटप ही कायद्याच्या भाषेत अनुज्ञप्ती, म्हणजे राहण्याची परवानगी असते. म्हणूनच कर्मचाऱ्याकडून वसूल होणाऱ्या रकमेला भाडे न म्हणता अनुज्ञप्ती शुल्क असे म्हटले जाते. भाडेकरूला भाडे नियंत्रण कायद्यांनी दिलेले संरक्षण या कर्मचाऱ्याला मिळत नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने १९९० मध्ये अशोका मार्केटिंग कंपनी विरुद्ध पंजाब नॅशनल बँक या प्रकरणात, सार्वजनिक जागांबाबतचा केंद्रीय कायदा भाडे नियंत्रण कायद्यांपेक्षा वरचढ ठरतो, असा निर्णय दिला.

हा केंद्रीय कायदा म्हणजे सार्वजनिक जागा (अनधिकृत भोगवटादारांचे निष्कासन) अधिनियम, १९७१. केंद्र सरकारची मंत्रालये, रेल्वे, टपाल खाते, सार्वजनिक क्षेत्रातील उपक्रम, राष्ट्रीयीकृत बँका इत्यादींच्या जागांना तो लागू होतो. राज्य सरकारांच्या जागांसाठी राज्यांचे स्वतंत्र कायदे आहेत. महाराष्ट्रात १९५५ चा शासकीय जागा निष्कासन कायदा त्यासाठी वापरला जातो. त्यामुळे नोटीस हाती पडल्यावर ती कोणत्या कायद्याखाली आली आहे, हे सर्वप्रथम पाहावे लागते. केंद्रीय कायद्यातील मुदती राज्याच्या कायद्याखालील प्रकरणाला आपोआप लागू होत नाहीत.

१९७१ च्या कायद्यात ‘अनधिकृत भोगवटा’ या संज्ञेची व्याख्या व्यापक आहे. अधिकार नसताना जागेत शिरणे तर तिच्यात येतेच. शिवाय ज्या अधिकाराने एखादी व्यक्ती राहत होती तो अधिकार संपल्यानंतर किंवा कोणत्याही कारणाने संपुष्टात आणल्यानंतर राहत राहणे, हेही अनधिकृत ठरते. या व्याख्येतील ‘संपणे’ आणि ‘संपुष्टात आणणे’ हा भेद कर्मचाऱ्याच्या दृष्टीने महत्त्वाचा आहे.

निवृत्तीच्या प्रकरणात अधिकार काळाच्या ओघात आपोआप संपतो. केंद्र सरकारच्या सर्वसाधारण कोट्यातील निवासस्थानांसाठी २०१७ चे नियम लागू आहेत. त्यांनुसार निवृत्त कर्मचाऱ्याला सर्वसाधारणपणे सहा महिने घर ठेवता येते. सेवेत असताना मृत्यू झाल्यास कुटुंबाला यापेक्षा अधिक मुदत मिळते, तर राजीनामा किंवा बडतर्फीनंतर ती पुष्कळच कमी असते. ही मुदत उलटल्यावर वाटप रद्द केल्याचा वेगळा आदेश काढण्याची गरज नाही, असा निर्णय केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या पूर्णपीठाने १९९६ मध्ये रेल्वे कर्मचाऱ्यांच्या प्रकरणात दिला होता.

पोटभाडेकरू ठेवल्याच्या आरोपाची गोष्ट मात्र वेगळी आहे. तेथे कर्मचारी सेवेत असतो, त्याची मुदत संपलेली नसते आणि वाटप रद्द करण्याचा निर्णय एका आरोपावर आधारलेला असतो. तपासणी पथकाला घरात परकी व्यक्ती आढळली, एवढ्यावरून ती पोटभाडेकरूच आहे असे ठरत नाही. ती व्यक्ती नातेवाईक असू शकते, आजारी माणसाची देखभाल करणारी असू शकते किंवा पाहुणी असू शकते. म्हणून अशा प्रकरणात वाटप रद्द करण्यापूर्वीच आरोपाची माहिती देणे, तपासणीचा अहवाल दाखवणे आणि स्पष्टीकरण ऐकून घेणे आवश्यक ठरते.

नैसर्गिक न्यायाचा पाया

ज्या प्रशासकीय आदेशामुळे एखाद्या व्यक्तीच्या हक्कांवर प्रतिकूल परिणाम होतो, तो आदेश तिला बाजू मांडण्याची संधी दिल्यावाचून काढता येत नाही, हे तत्त्व सर्वोच्च न्यायालयाने १९६७ मध्येच स्पष्ट केले. ओरिसा सरकारच्या सेवेतील एका महिला डॉक्टरच्या जन्मतारखेबाबतच्या वादात हा निर्णय झाला होता. आपल्याविरुद्ध कोणती माहिती वापरली जात आहे हे त्या व्यक्तीला कळले पाहिजे आणि तिला उत्तर देता आले पाहिजे, असे न्यायालयाचे म्हणणे होते.

सरकारी जागेच्या संदर्भातही न्यायालयांची भूमिका हीच राहिली आहे. पंजाबमधील बर्नाला येथील एका धर्मशाळेचा ताबा राज्य सरकारच्या अधिकाऱ्यांनी केवळ कार्यकारी आदेशाने घेतला होता. १९६१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने त्या कृतीबद्दल कठोर शब्दांत नापसंती व्यक्त केली. जागा सरकारची असली तरी ताबा घेण्यासाठी सरकारनेही कायद्याचाच मार्ग धरला पाहिजे, असा या निकालाचा आशय आहे.

मुंबईतील पदपथवासीयांच्या संदर्भात १९८५ मध्ये गाजलेल्या ओल्गा टेलिस प्रकरणात घटनापीठाने हेच सूत्र पुढे नेले. निवारा हिरावला जाण्याचा संबंध उपजीविकेशी आणि म्हणूनच राज्यघटनेच्या अनुच्छेद २१ मधील जीविताच्या हक्काशी आहे, असे न्यायालयाने मानले. पदपथावर वस्ती करण्याचा हक्क न्यायालयाने मान्य केला नाही. परंतु हटवण्याची कार्यपद्धती न्याय्य आणि वाजवी असली पाहिजे आणि सर्वसाधारणपणे नोटीस दिलीच पाहिजे, असे बजावले. पदपथावर राहणाऱ्याला जे संरक्षण मिळते, ते रीतसर वाटपपत्र घेऊन राहायला आलेल्या कर्मचाऱ्याला नाकारता येणार नाही, हे उघड आहे.

कायद्याचा खडतर प्रवास

आजचा कायदा सहजासहजी उभा राहिलेला नाही. सरकारी जागा रिकाम्या करून घेण्यासाठी १९५८ मध्ये केंद्रीय कायदा झाला होता. अशाच स्वरूपाच्या पंजाबच्या कायद्यातील महत्त्वाची तरतूद सर्वोच्च न्यायालयाने १९६७ मध्ये नॉर्दर्न इंडिया केटरर्स प्रकरणात घटनाबाह्य ठरवली. सरकारपुढे दोन मार्ग होते : दिवाणी दावा लावणे किंवा अधिक कठोर असा संक्षिप्त मार्ग अवलंबणे. कोणाविरुद्ध कोणता मार्ग वापरायचा याचे निकष कायद्यात नव्हते. त्यामुळे समानतेच्या हक्काचा भंग होतो, असे बहुमताचे मत पडले.

यानंतर संसदेने १९७१ चा कायदा केला आणि दिवाणी न्यायालयाचा मार्ग बंद करून सर्वांसाठी एकच कार्यपद्धती ठेवली. पुढे १९७४ मध्ये मुंबई महानगरपालिकेच्या आणि मुंबई राज्याच्या १९५५ च्या निष्कासन कायद्यासंबंधीच्या मगनलाल छगनलाल प्रकरणात सात न्यायमूर्तींच्या पीठाने आधीची भूमिका बदलली. सार्वजनिक जागा लवकर मोकळ्या होणे हा लोकहिताचा भाग आहे आणि त्यासाठी वेगळी, वेगवान कार्यपद्धती ठेवण्यात गैर काही नाही, असा निर्वाळा या पीठाने दिला. मात्र ही मान्यता देताना त्या कार्यपद्धतीतील नोटीस, सुनावणी आणि न्यायिक अधिकाऱ्याकडे अपील या संरक्षक तरतुदींना न्यायालयाने महत्त्व दिले होते. दिवाणी न्यायालयाचे दार बंद झाले ते या संरक्षणांच्या भरवशावर, हे विसरून चालणार नाही.

नोटीस ते ताबा : टप्पे कसे?

कायद्यानुसार निष्कासनाचा अधिकार विभागप्रमुखाला किंवा वसाहतीच्या देखभाल अभियंत्याला नसतो. तो केवळ संपदा अधिकाऱ्याला असतो. हा अधिकारी राजपत्रित दर्जाचा, किंवा सार्वजनिक उपक्रमाच्या बाबतीत तत्सम दर्जाचा असावा लागतो. साक्षीदार बोलावणे, शपथेवर जबाब घेणे आणि कागदपत्रे सादर करण्यास सांगणे या बाबतीत त्याला दिवाणी न्यायालयाचे अधिकार असतात. तो सरकारचाच अधिकारी असतो म्हणून पक्षपाती ठरत नाही, अशी न्यायालयांची भूमिका आहे. परंतु त्यामुळे त्याच्यावरील निःपक्षपातीपणाची जबाबदारी वाढते, कमी होत नाही.

सर्वसाधारण मार्गात संपदा अधिकारी कलम ४ खाली कारणे दाखवा नोटीस देतो. अनधिकृत भोगवट्याची माहिती मिळाल्यापासून कामकाजाच्या सात दिवसांत ही नोटीस काढावी, असे २०१५ च्या दुरुस्तीनंतर अपेक्षित आहे. कोणत्या कारणांसाठी घर रिकामे करण्यास सांगितले जात आहे, ते नोटिशीत नमूद असावे लागते. उत्तरासाठी सात दिवसांपर्यंतची मुदत असते. व्यक्तिशः सुनावणी हवी असल्यास पुराव्यांसह हजर राहता येते. त्यानंतर उत्तर, पुरावे आणि सुनावणीतील म्हणणे विचारात घेऊन अधिकाऱ्याने कारणांसह आदेश द्यायचा असतो. त्यासाठी पंधरा दिवसांचे उद्दिष्ट घालून देण्यात आले आहे. आदेशानंतर घर सोडण्यासाठी पंधरा दिवसांपर्यंत अवधी दिला जातो आणि सबळ कारण असल्यास तो आणखी पंधरा दिवसांनी वाढवता येतो.

या आदेशाविरुद्ध कलम ९ खाली जिल्हा न्यायाधीशाकडे, किंवा त्याने नियुक्त केलेल्या किमान दहा वर्षे अनुभवाच्या न्यायिक अधिकाऱ्याकडे अपील करता येते. त्याची मुदत केवळ बारा दिवसांची आहे. ती चुकल्यास अपवादात्मक परिस्थितीतच आणि तशीच निकड असल्यास विलंब माफ होतो. अपिलात स्थगिती मागता येते. मात्र अपील दाखल केले म्हणजे निष्कासन आपोआप थांबले असे होत नाही.

घराचा ताबा घेतल्यानंतर आत राहिलेल्या सामानाबाबतही कायद्यात तरतूद आहे. ज्याच्याकडून ताबा घेतला त्याला चौदा दिवसांची नोटीस देऊन आणि वृत्तपत्रात जाहीर सूचना प्रसिद्ध करूनच ते सामान हटवता किंवा लिलावात काढता येते. संसार रस्त्यावर फेकून देण्याचा परवाना कायदा कोणालाही देत नाही.

तीन दिवसांचा नवा मार्ग

२०१९ च्या दुरुस्तीने कायद्यात कलम ३ ब समाविष्ट करण्यात आले. ठरावीक काळासाठी किंवा पदावर असेपर्यंत वाटपाच्या आदेशाने दिलेल्या निवासस्थानांसाठी हा स्वतंत्र मार्ग आहे. मंत्री, संसद सदस्य आणि सरकारी कर्मचारी हे सर्व या कक्षेत येतात. येथे नोटिशीला उत्तर देण्यासाठी कामकाजाचे तीन दिवस मिळतात. नोटीस घराच्या बाहेरील दारावर किंवा ठळक जागी चिकटवली जाते. उत्तर आल्यास ते विचारात घेऊन आणि परिस्थितीनुसार आवश्यक वाटेल ती चौकशी करून संपदा अधिकारी आदेश देतो. कारणे नोंदवणे या मार्गातही बंधनकारक आहे. आदेश पाळला नाही तर आवश्यक तेवढे बळ वापरून ताबा घेता येतो.

या दुरुस्तीमागील कारण समजण्याजोगे होते. मुदत संपलेली मंडळी वर्षानुवर्षे घरे अडवून बसतात आणि नव्याने बदलून आलेले कर्मचारी प्रतीक्षा यादीत ताटकळत राहतात, हा सर्व शहरांतील अनुभव आहे. ज्याला घर मिळत नाही, त्या कनिष्ठ कर्मचाऱ्याला घरभाडे भत्त्यात भागवून शहराच्या टोकाला राहावे लागते. त्याच्यावरील अन्यायही अन्यायच आहे.

तरीही तीन दिवसांची मुदत किती पुरेशी, हा प्रश्न उरतोच. निवृत्तीची तारीख आणि वाटपपत्र यांवरून सर्व काही स्पष्ट होते, अशा प्रकरणात तीन दिवस पुरतील. परंतु पोटभाडेकरू ठेवल्याचा आरोप असेल, बदलीचा आदेशच न्यायाधिकरणात आव्हानाखाली असेल किंवा मुदतवाढीचा अर्ज कार्यालयात पडून असेल, तर कागदपत्रे जमवण्यातच तीन दिवस संपतात. शिवाय कुटुंब गावी गेलेले असताना दारावर चिकटवलेली नोटीस वाचणार कोण, हाही प्रश्न आहे. कलम ३ ब मध्ये व्यक्तिशः सुनावणीचा स्वतंत्र उल्लेख नाही. म्हणून तथ्यांबद्दल खरा वाद असेल तर उत्तरातच सुनावणीची आणि कागदपत्रांच्या प्रतींची लेखी मागणी करणे हिताचे ठरते. मागणी नोंदलेली असूनही तिचा विचार न करता आदेश दिला गेल्यास तो मुद्दा पुढे न्यायालयात मांडता येतो.

याच दुरुस्तीने आणखी एक अट घातली आहे. कलम ३ ब खालील आदेशाला न्यायालयात आव्हान देऊन घर ताब्यात ठेवणाऱ्याला प्रत्येक महिन्यासाठी नुकसानभरपाई भरावी लागते. केवळ वेळ काढण्यासाठी होणाऱ्या दाव्यांना आळा बसावा, हा त्यामागील हेतू आहे.

दाद कोठे मागायची?

या बाबतीत अनेक कर्मचाऱ्यांची दिशाभूल होते आणि मौल्यवान दिवस वाया जातात. दिवाणी न्यायालयाला अशा प्रकरणांत अधिकार नाही, असे कायद्यातच म्हटले आहे. केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे जाण्याचा प्रघात काही काळ होता. परंतु १९७१ च्या कायद्याखालील निष्कासनाचा आदेश ही सेवाविषयक बाब नाही आणि म्हणून न्यायाधिकरणाला त्यात हस्तक्षेपाचा अधिकार नाही, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने २००० मध्ये दिला.

यामुळे कलम ५ खालील आदेशाविरुद्ध जिल्हा न्यायाधीशाकडे अपील हा मुख्य मार्ग राहतो. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ आणि २२७ खाली उच्च न्यायालयाकडेही दाद मागता येते. परंतु उच्च न्यायालय सहसा पुराव्यांचे पुन्हा मूल्यमापन करीत नाही. नोटीस दिली होती का, उत्तर विचारात घेतले का, आदेशात कारणे आहेत का आणि अधिकाऱ्याला तो अधिकार होता का, एवढेच ते प्रामुख्याने पाहते. आदेशाची वैधता त्यात नमूद केलेल्या कारणांवरूनच तपासायची असते आणि नंतरच्या प्रतिज्ञापत्राने नवी कारणे जोडता येत नाहीत, हे तत्त्व सर्वोच्च न्यायालयाने निवडणूक आयोगासंबंधीच्या १९७८ च्या निकालात घालून दिले आहे. म्हणून संपदा अधिकाऱ्यापुढे दिलेले पहिले लेखी उत्तरच पुढील संपूर्ण लढ्याचा आधार बनते.

रेल्वे कर्मचाऱ्यांच्या बाबतीत आणखी एक मार्ग रेल्वे प्रशासनाला उपलब्ध आहे. १९८९ च्या रेल्वे अधिनियमाच्या कलम १९० खाली लेखी नोटीस देऊनही घर परत न केल्यास दंडाधिकाऱ्याकडे अर्ज करून पोलिसांच्या साहाय्याने ताबा घेता येतो. कंपनी म्हणून नोंदलेल्या सार्वजनिक उपक्रमांना कंपनी कायद्याखाली फौजदारी कारवाईही करता येते. २०१३ च्या कंपनी अधिनियमात ती तरतूद कलम ४५२ मध्ये आहे.

निवृत्तिवेतन आणि उपदान रोखता येते का?

सर्वाधिक तक्रारी या एका प्रश्नाभोवती असतात. घर सोडले नाही म्हणून निवृत्तीनंतरचे सर्व लाभ अडवून धरण्याची प्रथा अनेक विभागांत आढळते. याबाबत न्यायालयांचे निर्णय दोन्ही बाजूंनी झाले असून ते नीट समजून घ्यावे लागतात.

हवाई दलाच्या एका निवृत्त अधिकाऱ्याच्या प्रकरणात १९८७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने, निवृत्तिवेतनाच्या अंशराशीकरणाच्या रकमेतून घराची नुकसानभरपाई कापणे बेकायदा ठरवले. १८७१ च्या निवृत्तिवेतन अधिनियमाने या रकमेला जप्तीपासून संरक्षण दिलेले आहे, हा त्यामागील आधार होता. १९९४ मध्ये दुसऱ्या एका प्रकरणात, अनधिकृत भोगवट्याच्या नुकसानभरपाईचा दावा प्रलंबित आहे एवढ्या कारणावरून उपदान रोखल्याबद्दल न्यायालयाने १८ टक्के व्याज देण्यास सांगितले. २००१ मध्ये गोरखपूर विद्यापीठाच्या प्रकरणात निवृत्त प्राध्यापकाचे निवृत्तिवेतन व भविष्य निर्वाह निधी अडवण्याची कृती न्यायालयाने अमान्य केली. २०१३ मध्ये झारखंड सरकारच्या प्रकरणात तर निवृत्तिवेतन आणि उपदान ही अनुच्छेद ३०० अ खाली कर्मचाऱ्याची मालमत्ता असून कायद्याच्या आधारावाचून ती हिरावता येत नाही, असे स्पष्ट करण्यात आले.

मात्र कायद्याचा किंवा नियमांचा असा आधार असेल तर चित्र पालटते. तेल व नैसर्गिक वायू महामंडळाच्या २००५ च्या प्रकरणात, सेवानियमांतच येणी वसूल करण्याची तरतूद असल्याने मुदतीपलीकडे घर ठेवणाऱ्या कर्मचाऱ्याच्या उपदानातून दंडनीय भाडे कापणे न्यायालयाने योग्य ठरवले. २०२० मध्ये भारतीय पोलाद प्राधिकरणाच्या प्रकरणात तीन न्यायमूर्तींच्या पीठाने, मुदत उलटल्यावरही घर ठेवल्यास दंडनीय भाडे हा स्वाभाविक परिणाम असून ते उपदानाच्या रकमेत समायोजित करता येते, असे म्हटले. म्हणजेच लाभ कधीच रोखता येत नाहीत, हा समज जितका चुकीचा, तितकाच ते हवे तेव्हा रोखता येतात, हा समजही चुकीचा आहे. वसुलीला आधार कोणत्या नियमाचा आणि रक्कम ठरली कशी, हे दोन प्रश्न प्रत्येक प्रकरणात विचारावेच लागतात.

रक्कम ठरवण्यासाठीही कार्यपद्धती आहे. कलम ७ खाली नुकसानभरपाईचा आदेश देण्यापूर्वी स्वतंत्र कारणे दाखवा नोटीस द्यावी लागते. भोगवट्याचा काळ, जागेचा आकार व दर्जा, तशाच जागेला बाजारात मिळू शकणारे भाडे इत्यादी बाबी विचारात घ्याव्या लागतात. २०१५ च्या दुरुस्तीनंतर थकीत रकमेवर चक्रवाढ व्याज आकारता येते आणि वसुली जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे होऊ शकते. कर्मचाऱ्याचा मृत्यू झाल्यास त्याच्या वारसांकडूनही वसुली होते, मात्र मृताकडून त्यांच्या हाती आलेल्या मालमत्तेच्या मर्यादेतच. विधवा पत्नीच्या स्वतःच्या कमाईवर ही जबाबदारी येत नाही, ही बाब अनेक कुटुंबांना ठाऊक नसते.

मुदतीपलीकडे राहण्याचे समर्थन नाही

कार्यपद्धतीचे संरक्षण म्हणजे घर कायम ठेवण्याचा हक्क नव्हे, हे न्यायालयांनी वारंवार सांगितले आहे. २०१३ मध्ये कर्नाटकातील राज्य परिवहन महामंडळाशी संबंधित प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सरकारी निवासस्थाने वेळेत रिकामी व्हावीत यासाठी सूचनांची मालिकाच दिली. निवृत्तीच्या तीन महिने आधी कर्मचाऱ्याला घर सोडण्याची आगाऊ सूचना द्यावी, त्याच्या विभागाने पाठपुराव्याची जबाबदारी घ्यावी आणि नोटीस देताना नैसर्गिक न्यायाची तत्त्वे पाळावीत, असे त्यात म्हटले होते. २०१८ मध्ये उत्तर प्रदेशच्या माजी मुख्यमंत्र्यांना आजीवन बंगले देणारी तरतूद न्यायालयाने रद्द केली. पद सोडल्यावर माजी मुख्यमंत्री आणि सामान्य नागरिक यांत फरक उरत नाही, हा त्यामागील विचार होता.

२०२१ मध्ये काश्मीरमधून विस्थापित झालेल्या एका निवृत्त अधिकाऱ्याच्या प्रकरणात, निवाऱ्याचा हक्क म्हणजे सरकारी निवासस्थानाचा हक्क नव्हे, असे न्यायालयाने सांगितले. ही घरे सेवेत असलेल्यांसाठी आहेत, निवृत्तांना उदारपणे बहाल करण्यासाठी नाहीत, असे मत न्यायालयाने नोंदवले. परिस्थिती कितीही सहानुभूती वाटावी अशी असली तरी तिच्यामुळे नियम बाजूला सारता येत नाही, हा त्याचा अर्थ आहे.

काय करावे?

निवृत्ती किंवा बदलीची तारीख निश्चित होताच लागू असलेल्या नियमांतील मुदत पाहून घेणे, मुलांचे शिक्षण वा आजारपण अशा कारणासाठी मुदतवाढ हवी असल्यास मूळ मुदत संपण्यापूर्वीच अर्ज करणे आणि त्याची पोच जपून ठेवणे, ही पहिली खबरदारी होय. अर्ज प्रलंबित असणे म्हणजे परवानगी मिळणे नव्हे, हेही ध्यानात ठेवावे लागते. घर सोडताना वीज व पाणी देयके भरून, ताबा दिल्याची दिनांकित पावती आणि ना-देय प्रमाणपत्र घेणे अत्यावश्यक आहे. ताबा कोणत्या दिवशी दिला, यावरच पुढे दंडनीय भाड्याचा हिशेब अवलंबून असतो.

नोटीस आल्यास ती मिळाल्याची तारीख नोंदवून ठेवावी आणि दिलेल्या मुदतीतच लेखी उत्तर द्यावे. नोटिशीत कारण स्पष्ट नसेल तर ते विचारावे. आरोपाचा आधार असलेल्या अहवालाची प्रत मागावी. वाटपपत्र, वेतनचिठ्ठ्या आणि परवानगीची पत्रे जोडावीत. आदेश विरोधात गेल्यास बारा दिवसांचा हिशेब ताबडतोब सुरू होतो.

विभागांच्या दृष्टीनेही कार्यपद्धती पाळणे फायद्याचेच आहे. नोटीस नीट न देता काढलेला आदेश न्यायालयात टिकत नाही, प्रकरण पुन्हा पहिल्या पायरीवर येते आणि प्रतीक्षा यादीतील कर्मचाऱ्याला मिळणारे घर आणखी काही महिने अडकून पडते. घर वेळेवर रिकामे होणे आणि ते रिकामे करणाऱ्याचे म्हणणे आधी ऐकले जाणे, या दोन्ही अपेक्षा एकाच कायद्यात लिहिलेल्या आहेत. त्यांपैकी एक पाळण्यासाठी दुसरी मोडण्याची मुभा कायद्याने ना कर्मचाऱ्याला दिली आहे, ना सरकारला.